एका जपानी कॅमेरामनवर वीस मिनिटं

कुवेतमधले मराठी लोक मला ‘व्हिडिओवाले’ म्हणतात. मीना अल-अहमदीच्या रिफायनरीत कामावर येणाऱ्या नव्या माणसांना दाखवायच्या सुरक्षेच्या फिल्म मी एका कंत्राटदारासाठी करतो. हेल्मेट कसं घालायचं, पट्टा कुठे अडकवायचा, गॅसचा वास आला तर कुठल्या दिशेनं पळायचं. त्याआधी अकरा वर्षं मी मुंबईत कॅमेरामनचा असिस्टंट होतो. टेप घेऊन लेन्सपासून नटाच्या नाकापर्यंतचं अंतर मोजायचं आणि शॉट चालू असताना फोकस सांभाळायचा, हे माझं काम. स्वतंत्र कॅमेरामन काही झालो नाही. त्यात कुणाकुणाचा हात होता याची यादी मी पूर्वी भेटेल त्याला ऐकवायचो. हल्ली ऐकायलाही कुणी थांबत नाही.

मुलगी बारावीत आहे. आमच्या सलवा भागातल्या फ्लॅटमध्ये ती मराठी ऐकते आणि इंग्रजीत उत्तर देते. गेल्या हिवाळ्यात तिनं गच्चीवर वाळणाऱ्या कपड्यांचे फोटो काढले, मला दाखवले आणि विचारलं, “बाबा, मुंबईत तू अ‍ॅक्चुअली काय करायचास?” मी घसा खाकरून सुरुवात करतोय तोवर तिचा फोन वाजला आणि ती उठून गेली. ते अर्धवट राहिलेलं उत्तर मला फार लागलं. म्हणून इथल्या मराठी मंडळाच्या सचिवांनी “एकदा सिनेमावर बोला की” म्हटल्यावर मी लगेच हो म्हणून बसलो. मंडळासाठी नव्हे. आपला बाप हेल्मेटच्या फिल्म काढण्याआधी कोण होता, हे तिला एकदा दिसावं, एवढंच मला हवं होतं.

विषय घेतला एका जपानी कॅमेरामनचा. मी पुण्यात कॅमेरा शिकत असताना माझ्या सरांनी त्याच्या मुलाखतीची झेरॉक्स दिली होती, ती मी तीन घरं बदलली तरी टाकलेली नाही. युद्धाच्या आधी तो एका स्टुडिओत चौथा असिस्टंट म्हणून लागला. चौथ्यानं कॅमेऱ्याची तिवई उचलायची. चौथ्याचा तिसरा, तिसऱ्याचा दुसरा होण्यात त्याचं तारुण्य संपलं. नंबर लागेपर्यंत कॅमेऱ्याला डोळा लावायचीही परवानगी नव्हती.

पण मग त्यानं काळ्यापांढऱ्या फिल्मवर करड्या रंगाच्या अशा काही छटा काढल्या की आम्ही पोरं खुळावून गेलो. त्याची एक युक्ती होती. सेटवरच्या भिंती तो शेवाळासारख्या हिरव्या रंगवून घ्यायचा आणि नटीला विटकरी किमोनो घालायला लावायचा. समोरून बघणाऱ्याला ते भयाण दिसायचं. फिल्मवर मात्र भिंत मागे सरायची आणि बाईचा चेहरा तेवढा उरायचा. पुढे रंगीत फिल्म आली. स्टुडिओ म्हणाला, आता सगळं रंगीत. तो म्हणाला, या कथेला रंग नको. दोनदा नाही म्हणाला, तिसऱ्यांदा त्याला कुणी विचारलंच नाही. शेवटची वर्षं त्यानं कारखान्यांसाठी माहितीपट काढण्यात घालवली, यंत्राला तेल कसं द्यायचं वगैरे. मुलाखतीतला हा भाग मला पाठ आहे.

भाषणानंतर दाखवायची त्याच्या एका सिनेमाची क्लिप मी सचिवांना पाठवली होती. बुधवारी त्यांचा फोन आला. ते नाशिकचे, रिफायनरीत इंजिनियर. सिनेमा म्हणजे गाणी असं मानणारा गृहस्थ म्हणून मी त्यांना मनातल्या मनात हसत आलो होतो. म्हणाले, “क्लिप पाहिली, छान आहे. पण ब्लॅक अँड व्हाइट आहे हो. रंगीत नाही का मिळत? नसेल तर राहू द्या, तशीच दाखवू.”

एवढंच म्हणाले. कुणी माझा गळा धरला नव्हता. पण मागच्या कवितेच्या कार्यक्रमाला अर्धा हॉल उठून वड्यांच्या रांगेत गेलेला मी पाहिला होता. रिकाम्या खुर्च्यांच्या मधे माझी मुलगी बसलीय आणि मी बोलतोय, हे मला डोळ्यांसमोर दिसायला लागलं. दुसऱ्या दिवशी ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत मी ती क्लिप एका अ‍ॅपमध्ये टाकली. डबा संपायच्या आत रंगून आली. एक विधवा अंथरुणाची घडी घालतेय, एवढाच प्रसंग. अ‍ॅपनं भिंत मलईच्या रंगाची केली, किमोनो अबोली, गाल गुलाबी. भिंत हिरवी होती हे त्या गावात एकट्या मला माहीत होतं, आणि मी मनात म्हणालो, चला, जरा प्रसन्न तरी दिसतंय.

शुक्रवारी दुपारी रिग्गईच्या हॉलमध्ये मी बोललो, आणि चांगला बोललो. तो दोनदा नाही म्हणाला, हे मी मुद्दाम दोनदा सांगितलं. मग दिवे मालवून मी तीच रंगवलेली क्लिप लावली. टाळ्या पडल्या. एक काकू म्हणाल्या, “किती गोड रंग आहे हो त्या बाईच्या झग्याचा!” वीस मिनिटं रंग नाकारणाऱ्या माणसाचं गुणगान करून मी रंगीत चित्र दाखवलं, आणि कुणालाही काही खटकलं नाही. कीव कुणाची करायची, त्यांची की माझी, ते कळेना.

मुलगी पुढे आली. डोळे लाल झालेले. “बाबा, त्याचं सगळं करिअर गेलं ना त्यापायी? मग हे कलर कोणी केलं?”

“मंडळानं,” मी म्हणालो. विचारसुद्धा करावा लागला नाही. दुसऱ्याचं नाव माझ्या तोंडात कायम तयारच असतं.

ती तडक चहाच्या टेबलाशी सचिवांसमोर जाऊन उभी राहिली. “काका, धिस इज सो डिसरिस्पेक्टफुल! माझ्या बाबांना तुम्ही विचारलं तरी का? त्यांना किती वाईट वाटलं असेल!” इतकं मराठी ती सलग बोललेली मी प्रथमच ऐकत होतो. सचिवांनी कप खाली ठेवला. तिच्या डोक्यावरून माझ्याकडे पाहिलं. तेव्हा दोन पावलं पुढे जायचं होतं फक्त. मी प्रोजेक्टरची वायर गुंडाळत राहिलो.

“चुकलं बाळा,” ते म्हणाले. “आम्हाला त्यातलं कळत नाही. बाबांना विचारायला हवं होतं.”

अजूनही ते कुठे भेटले की आपणहून चौकशी करतात. त्या दिवसाचा विषय चुकूनही काढत नाहीत. मला त्यांचा राग येतो, कारण दुसरं काय करावं ते सुचत नाही.

महिन्याभरानं मुलीनं कॉलेजच्या अर्जासाठी निबंध लिहिला. तिला कॅमेरा शिकायचाय. निबंधात तो जपानी माणूस होता, आणि त्याच्या शेजारी मी. ज्याला कुणी विचारलं नाही आणि ज्याचं काम लोकांनी परस्पर बिघडवलं, असा मी. लॅपटॉप माझ्यापुढे ठेवून ती म्हणाली, “बाबा, सगळं करेक्ट आहे ना? नाहीतर बदलते.”

मी शेवटपर्यंत वाचलं आणि म्हणालो, “बरोबर आहे. पाठव.”