धमकी वहिनीला, भांडी मला

दोन हजार चार सालच्या एप्रिल महिन्यातल्या दुसऱ्या मंगळवारी, सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी, मिरा रोडच्या आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात माझ्यावर अन्याय झाला. मला धमकी आली नाही. ती वहिनीला आली.

हा अन्याय किती घोर होता हे कळायचं तर आधी माझी कामगिरी ऐका. आमच्या पाणी जागर समितीचा मी निमंत्रक. (समितीत सात जण. त्यांतले चार जण बैठकीला येत आणि त्यांतले दोघे चहा झाला की जात.) तीन वर्षांत मी एकतीस पत्रकं लिहिली. 'टँकरशाही मुर्दाबाद!', 'नळाला कोरड, सत्तेला पूर!', 'जलदांडग्यांनो, याद राखा!' एका पत्रकात तर मी सलग चौदा उद्गारचिन्हं वापरली होती. छापखानेवाला म्हणाला, "दादा, उद्गारचिन्हांचे खिळे संपले." इतकं करूनही एका टँकरवाल्याने कधी माझ्याकडे डोळे वटारून पाहिलं नाही.

आणि वहिनीने काय केलं? ती पालिकेवरच्या मोर्चाला आली, तीसुद्धा घराची किल्ली माझ्या खिशात राहिली होती म्हणून! किल्ली मागायला ती माझ्यापर्यंत पोचली, तेवढ्यात कुणीतरी "ताई, दोन शब्द बोला" म्हणून तिच्या हातात माईक दिला. तिने पिशवीतून भाजीची यादी काढली, उलटी केली आणि वाचायला लागली. दुपारी दोन ते तीनच्या मध्ये आमच्या मागच्या गल्लीतल्या व्हॉल्व्हला पाइप लावून कुठले टँकर भरतात, त्या नऊ टँकरांचे नंबर. वार आणि वेळ यांसकट. गच्चीवर पापड वाळत घालताना लिहून ठेवले होते म्हणे. शेवटी म्हणाली, "एवढंच. भाऊजी, किल्ली."

एकही घोषणा नाही! एकही उद्गारचिन्ह नाही! आणि टाळ्या? मला तीन वर्षांत मिळाल्या नाहीत तेवढ्या.

चौथ्या दिवशी तो फोन आला. उचलला मी.

"हॅलो, मॅडम आहेत का?"

"मी समितीचा निमंत्रक बोलतोय."

"तुम्ही नाही. त्या नंबर वाचणाऱ्या मॅडम."

"काम काय आहे?"

"जरा दम द्यायचाय."

माझ्या अंगावर रोमांच उभे राहिले. अखेर! "मग मला द्या ना! पत्रकं मीच लिहितो."

पलीकडे कुणाला तरी विचारल्याचा आवाज. मग, "कसली पत्रकं?"

यापुढचं मी ऐकलं नाही. रिसीव्हर वहिनीकडे दिला आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहिलो. वहिनी शांतपणे म्हणत होती, "हो... हो... बरं. हातपाय दोन्ही तोडणार की एकच? ... आणि आपलं नाव काय म्हणालात?" फोन कट झाला. तिने भाजीच्या यादीवर लिहिलं : मंगळवार, अकरा दहा.

संध्याकाळी दादा बँकेतून आला आणि ऐकून सोफ्यावर बसला तो उठेचना. माझा दादा कुकरची शिट्टी होताना स्वयंपाकघरात थांबत नाही. पण सोसायटीचे सेक्रेटरी शहाकाका चौकशीला आले आणि म्हणाले, "रिव्हॉल्वरनुं लायसन्स लई लो ने! आजकल सबके पास है," तसा त्याच्या चेहऱ्यावर रंग आला. आपल्या बायकोकडे रिव्हॉल्वर! बँकेत सांगायला काय विषय!

"मला कशाला बंदूक?" वहिनी म्हणाली. "ठेवणार कुठे? तांदळाच्या डब्यात?"

"पर्समध्ये," आई म्हणाली. (आई देवभोळी बाई. पण सुनेला कुणी दम देतो म्हणजे काय?) "आत चेनचा कप्पा आहे. बाहेरून कुणाला दिसणारही नाही."

"अर्ज माझ्या नावाने करू या," मी म्हणालो. "चळवळीचा चेहरा मी आहे."

"पण धमकी कुणाला आलीये?" दादाने विचारलं.

"आलीये वहिनीला. पण उचलली मी!"

कुणी ऐकलं नाही. अर्ज वहिनीच्या नावाने लिहिला गेला. लिहिला मी. माझ्याच अक्षरात, माझ्याच पेनाने, 'माझ्या जिवास गंभीर धोका आहे' हे वाक्य मी दुसऱ्या माणसासाठी लिहिलं. मत्सर म्हणजे काय ते मला त्या दिवशी कळलं.

पोलीस ठाण्यात बोटांचे ठसे द्यायचे होते. दादाला रजा मिळेना, म्हणून सोबत मी. (सोबत! निमंत्रक सोबतीला!) हवालदार साळुंखे म्हणजे मिशांचे, निवांत गृहस्थ. त्यांनी काचेच्या पाटीवर शाई घेतली, रूळ फिरवला, वहिनीचा उजवा अंगठा धरला, शाईत लोळवला, कागदावरच्या चौकटीत लोळवला. मग दुसरं बोट. मग तिसरं. दहा बोटं झाल्यावर त्यांनी कागद खिडकीकडे धरला आणि त्यांच्या मिशा खाली आल्या.

"बाई, तुम्हाला ठसेच नाहीत."

"म्हणजे?"

"बघा की." कागदावर दहा काळे ठिपके होते. जांभळं ठेवावीत तसे. एक रेघ नाही, एक चक्र नाही. त्यांनी परत घेतले. परत दहा जांभळं.

"असं होतं का?" मी विचारलं. माझ्या आवाजात आनंद होता हे मी कबूल करतो.

"होतं की. गवंडी, धोबी, भांडी घासणाऱ्या बाया. घासून घासून रेघा जातात. सोसायटीत काम करता का बाई?"

"नाही," वहिनी म्हणाली. "घरातच."

ती आपल्या बोटांकडे बघत राहिली. मग म्हणाली, "माहेरी असताना होत्या हो रेघा. शाळेत अंगठा शाईत बुडवून मी पोपट काढायचे. पंखांवर छान रेघा यायच्या."

हवालदारांनी रॉकेलचा बोळा पुढे केला. "काळजी नको. परत उगवतात. पंधरा दिवस हात पाण्यात घालायचा नाही. साबण नाही, पावडर नाही, काथ्या नाही. खोबरेल लावा आणि या."

लग्नाला सात वर्षं झाली होती. सात वर्षांत वहिनीला कुणी सुट्टी दिली नव्हती, ती सरकारने दिली. ठाण्याच्या पायऱ्या उतरताना तिची चाल बदललेली मला स्पष्ट दिसली. मी मात्र खुशीत होतो. पंधरा दिवस लांबलं ना!

घरी येऊन सगळं सांगितलं. आई म्हणाली, "पंधरा दिवस हात पाण्यात नाही. बरं. मग भांडी?"

सगळे एकमेकांकडे बघायला लागले. आईचे गुडघे. दादाची बँक. मग सगळे माझ्याकडे बघायला लागले.

"मला समितीचं काम आहे!"

"हे समितीचंच आहे," दादा म्हणाला. "चळवळीसाठी नाही घासणार?"

बघा! चळवळीचं नाव घेऊन चळवळवाल्याचं शोषण! यावर मी एक पत्रक लिहिणार होतो. पण हात ओले होते.

पुढचे पंधरा दिवस आमच्या घरात जे चाललं त्याला मी बोटोत्सव म्हणतो. वहिनी दिवाणावर, दोन्ही हात कोपरापासून वर धरून, ऑपरेशनला निघालेल्या डॉक्टरसारखी. बोटांना खोबरेल. शेजारच्या बायका रोज बघायला यायच्या. शहाकाकांनी स्टॅम्प बघायचं भिंग आणून दिलं. "आज तर्जनीवर दोन आल्या!" "अगं, करंगळीला बघ, गोल गोल दिसतंय!" आई रोज संध्याकाळी त्या बोटांची दृष्ट काढायची. आणि मी मोरीत. समोर करपलेलं दुधाचं पातेलं.

"भाऊजी," दिवाणावरून आवाज यायचा, "बुडाशी राहिलंय. वर्तुळाकार घासा."

"घासतोय!"

"आवाजावरून आडवं घासताय."

तारोडीहून मासळी घेऊन येणारी जानकीबाय दारात टोपली उतरवून थांबली. वहिनीला तेल लावलेलं बघून तिने आपली बोटं पुढे केली. "मना तं येकबी रेघ न्हाय! कोलंबी सोलून सोलून समदी गेली. सरकारला माझी वळख पायजेल तं म्हावऱ्याचा वास घ्या म्हनावं!" मग मोरीत डोकावून मला म्हणाली, "ये पोरा, पान्यात हात हाय तोवर ही बोंबलंबी धू."

धुतली.

समितीचे लोक यायला लागले. माझ्याकडे नव्हे हो! "ताई, पुढच्या सभेत तुम्हीच बोला." "ताई, तुमचा फोटो पत्रकावर टाकू या का?" आणि मी ट्रेमधून चहा आणायचो. नंतर ते कप विसळायचो. एकाने तर जाताना विचारलं, "हे कोण?" तो समितीत नवा होता, पण म्हणून काय?

शेवटी मी ठरवलं. आपणही अर्ज करायचा. पण धमकीशिवाय अर्ज कसला? मग मी धमकी मिळवायला निघालो. स्वतःचं नाव ठळक टाइपात छापलेलं पत्रक घेतलं, काशीगावाच्या बाजूला टँकरांची रांग लागते तिथे गेलो आणि पहिल्या टँकरच्या पुढ्यात दोन्ही हात पसरून उभा राहिलो. "मी पाण्याच्या चोरीचा धिक्कार करतो!"

ड्रायव्हर खाली वाकून म्हणाला, "भाई, बाजू हो जा. पाइप लीक है, भीग जाएगा."

"मला घाबरत नाही तू?"

"पर्चा है क्या? दे." त्याने माझं पत्रक घेतलं, त्याची चौघडी घातली आणि पाइपच्या सांध्यात कोंबली. गळती थांबली! तीन वर्षांत माझ्या लिखाणाचा पाणीटंचाईवर झालेला हा एकमेव परिणाम.

तरी अर्ज लिहिलाच. 'माझ्या जिवास धोका असण्याची दाट शक्यता आहे.' घडी करून खिशात ठेवला.

सोळाव्या दिवशी आम्ही पुन्हा पोलीस ठाण्यात. हवालदारांनी वहिनीचा अंगठा लोळवला, कागद उजेडात धरला, आणि खुर्चीवरून अर्धे उठले. "वा! काय ठसा आहे! अहो पाटील, इकडे या, बघा!" दोन शिपाई आले. एक महिला पोलीस आली. रेघ न् रेघ मोजून घ्यावी अशी. वहिनी लाजली. चोरीच्या तक्रारीसाठी बसलेला एक माणूसही मान उंचावून बघायला लागला.

मला राहवेना. मी अर्ज काढून टेबलावर आपटला. "माझेही घ्या!"

हवालदारांनी अर्ज वाचला, मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. बहुधा करमणूक म्हणून असेल, पण त्यांनी माझा अंगठा धरला. शाई. कागद. दुसरं बोट. तिसरं. मी छाती पुढे काढून उभा.

त्यांनी कागद खिडकीकडे धरला. मिशा खाली आल्या, मग हळूहळू वर गेल्या.

दहा जांभळं.

"घरी भांडी कोण घासतं?" त्यांनी विचारलं. मोठ्याने. सगळ्या ठाण्याला ऐकू जाईल असं.

मी शाईचा अंगठा पाठीमागे लपवला. वहिनी म्हणाली, "छान घासतात हो. फक्त पातेल्याच्या बुडाशी जरा कमी पडतात."

महिला पोलीस इतकी हसली की तिला टेबल धरावं लागलं. पण माझं डोकं भलतीकडेच धावत होतं. कारण हवालदार पुढे म्हणाले, "तुम्ही पण मग पंधरा दिवस पाण्यात हात घालू नका."

सरकारी आदेश! मी रिक्षात बसल्यापासून हसत होतो. घरात शिरताच जाहीर केलं : "आजपासून मी दिवाणावर. खोबरेलाची बाटली कुठाय?"

आई म्हणाली, "तुला कशाला?"

"ठसे उगवायचेत! हवालदारांनी सांगितलंय."

वहिनीने पर्स ठेवली, हात कोपरापासून वर धरले आणि दिवाणावर बसली. "भाऊजी, आधी धमकी आणा, मग सुट्टी."

"पण वहिनी, तुझे तर देऊन झाले ना आता!"

"अर्ज आता जिल्ह्याला जाणार, ठाणे शहरात. तिथून फेरठसे मागितले तर? रेघा नकोत जागेवर?"

या युक्तिवादात मला एकही छिद्र सापडलं नाही, आणि मी छिद्रं शोधण्यात तीन वर्षं घालवली होती. मागच्या गल्लीतला तो पाइप पुढच्या महिन्यात निघाला, वहिनीच्या यादीमुळेच. नळाला पाऊण तास पाणी यायला लागलं. म्हणजे भांडी आणखी नीट घासता यायला लागली. वहिनीची फाइल मात्र दोन वर्षं झाली तरी ठाणे शहरातच पडून आहे. 'विचाराधीन.' तोवर तिच्या दहाही बोटांवर चक्रं, शंख, सगळं आहे. मागच्या आठवड्यात तिने माहेरून आलेल्या भाचीला शाईचा पोपट काढून दाखवला. मी मोरीतून पाहिला. पंख फार सुंदर होते. मला अजिबात आवडला नाही.

तेव्हा वाचकहो, सहानुभूतीचे चार शब्द मला नकोत. हे पान बाजूला ठेवा आणि आपली बोटं उजेडात धरा. रेघा दिसतायत? दहाही बोटांवर? स्पष्ट? मला वाटलंच होतं, आणि माझा इथे जळफळाट होतोय! आता उठा. आपल्या घरच्या मोरीत जा. तिथे जी कुणी उभी असेल तिला बाहेर काढा, खोबरेलाची बाटली द्या आणि काथ्या स्वतः हातात घ्या. पंधरा दिवस. मग या माझ्याकडे आणि दाखवा बोटं. तोवर मला हसायचं नाही!