डोळे न लावलेला घोडा

सुमनचा फोन आला तेव्हा मी नंदुरबारच्या मिरची बाजाराच्या मागच्या रस्त्यानं चाललो होतो. हंगामात त्या रस्त्यानं तोंडाला रुमाल न लावता जायचं नसतं, हे इतकी वर्षं इथं राहूनही माझ्या लक्षात राहत नाही. फोन कानाला लावला आणि ठसका लागला. पलीकडून ती "गुरुजी, गुरुजी" करत राहिली आणि इकडून मी खोकत राहिलो. शेवटी माझा खोकला थांबेपर्यंत ती थांबली आणि हळूच म्हणाली, "आप्पा गयात. सकायलेच. चहा मांगा, मी ली उनू तोपावत..." पुढं तिच्यानं बोलवलं नाही. ती चहा घेऊन येईपर्यंत सगळं संपलं होतं. मी एका उभ्या रिक्षाच्या आडोशाला टेकलो. डोळ्यांतून पाणी येतच होतं, त्यातलं मिरचीचं किती आणि माझं किती, ते मलाही सांगता आलं नसतं.

आप्पा म्हणजे धुडकू कुंभार, सुमनचे वडील. खांडबारा स्टेशनापासून तासाभराच्या चालीवर एक पाडा आहे, तिथल्या दोन खोल्यांच्या शाळेत मी पंचविशीत मास्तर म्हणून रुजू झालो. शाळेच्या समोर आप्पांचं चाक. मडकं भाजून निघालं की बोटाच्या पेरानं त्यावर टकटक करायचं, कान द्यायचा आणि निकाल सांगायचा, ही त्यांची सवय. ती मडक्यांपुरती राहिली नव्हती. शाळेत जाणाऱ्या पोरांच्या डोक्यावरही ते टकटक करत आणि "पक्कं शे, जाय" म्हणून सोडून देत. पहिल्या दिवशी मी पेटी घेऊन उतरलो तेव्हा माझ्याही डोक्यावर पेर वाजवलं, कान दिला आणि गंभीरपणे म्हणाले, "जरासं कच्चं शे, गुरुजी." मला राग आला होता. नवा मास्तर होतो, इस्त्रीचा शर्ट होता. आठवड्याभरात मात्र मी रोज संध्याकाळी त्यांच्या चाकाशी जाऊन बसू लागलो, कारण त्या पाड्यावर माझ्याशी बोलायला दुसरं कुणी रिकामं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर तसं बोलणारं दुसरं कुणी मला पुढंही कधी भेटलं नाही.

माठ, कौलं, पणत्या तर ते करतच, पण त्यांचं खरं नाव होतं ते नवसाच्या घोड्यांसाठी. पाय, मान, पोट वेगवेगळं चाकावर ओढायचं आणि ओलं असतानाच जोडायचं. आत सगळा पोकळ, कोपरापर्यंतच्या हाताएवढा उंच. डोळ्यांच्या जागी मात्र नुसते दोन खळगे. डोळे कुंभारानं करायचे नाहीत, असा तिथला रिवाज. ज्याचा नवस फिटला त्यानं घोडा डोक्यावर घेऊन मोहाच्या झाडाखालच्या देवाकडे जायचं, तिथं बोटानं त्या खळग्यांत चुना भरायचा. डोळे लागले की घोडा देवाचा. त्यानंतर त्याला कुणी हात लावायचा नाही. पडला तर पडू द्यायचा, फुटला तर फुटू द्यायचा, आणि जेव्हा माती व्हायची तेव्हा ती होऊ द्यायची. त्या झाडाखाली नवे घोडे उभे असत, त्यांच्यामागे कान गेलेले, त्यांच्यामागे पाय गेलेले, आणि सगळ्यांत मागे नुसती खापरं.

आता जे लिहायचं आहे ते लिहितो. त्यातला एक घोडा मी उचलला.

शहरातून एक अभ्यासक आले होते. शाळेतच उतरले. दोन दिवस आप्पांच्या चाकाशी बसून त्यांनी फोटो काढले आणि निघायच्या आदल्या दिवशी झाडाखाली उभं राहून हळहळले, अशी कला उघड्यावर सडते आहे, निदान एक तरी वाचायला हवा. ते मला तंतोतंत पटलं. चांगली वस्तू म्हणजे कपाटात ठेवायची वस्तू, अशी माझी तेव्हा समजूत होती. शाळेचा जगाचा नकाशा खराब होऊ नये म्हणून मी तो वर्षभर गुंडाळून ठेवला होता, पोरांना जग काही दिसलं नाही. सगळा पाडा खांडबाऱ्याच्या बाजाराला गेला होता त्या दुपारी मी पुढच्या रांगेतला सगळ्यांत देखणा घोडा उचलला, आप्पांकडूनच आदल्या दिवशी आणलेल्या भाताच्या पेंढ्यात गुंडाळला आणि खोक्यात घालून अभ्यासकांच्या हवाली केला. पेंढा मागताना आप्पांना सांगितलं होतं, घरी आरसा पाठवायचा आहे.

तो घोडा जामनीबाईचा होता. तिचा मुलगा ऊसतोडीला गेला होता, त्याची काही महिने खबर नव्हती, आणि तो धडधाकट परत आला म्हणून तिनं नवस फेडला होता. चुना भरताना तिचं बोट थरथरलं आणि डावा डोळा गालापर्यंत पसरला होता, ते सगळ्या पाड्यानं पाहिलं होतं. जागा रिकामी दिसल्यावर कुणी आरडाओरडा केला नाही. फोटोवाले पाहुणे दोन दिवस कुणाच्या दारात बसले होते, एवढंच लोकांनी आठवलं. नवसाच्या घोड्यासाठी आप्पांच्या दारात येणं हळूहळू बंद झालं, लोक नवापूरच्या पलीकडच्या कुंभाराकडे जाऊ लागले. देवाचा घोडा विकणारा, असं कुणी तोंडावर म्हणालं नाही, पण पाठीमागे म्हणायला कुणाला काय लागतं? मी रोज ठरवायचो, उद्या सांगू. मग माझी बदली झाली. बदलीनंतरही मी आप्पांकडे जात राहिलो, त्यांच्या चुलीवरची भाकरी खात राहिलो, आणि तीस वर्षं गप्प राहिलो. मला माझी लाज वाटते, ती इथंच नोंदवतो.

अभ्यासकांनी मधल्या काळात एक कार्ड पाठवलं होतं. त्यावर घोड्याचा फोटो आणि मागे दोन ओळी, आपला घोडा आता संग्रहालयात आहे, देशभरातले लोक तो पाहतात. धार्मिक कलेचं ते प्रसिद्ध संग्रहालय ज्या शहरात आहे तिथंच पुढं माझ्या मुलाला नोकरी लागली. दोन वर्षांपूर्वी मी आप्पांना म्हटलं, चला, सगळीकडचे देव एका घरात ठेवलेत ते पाहून येऊ. मनात हिशेब असा की पाड्यावर माझी जीभ उचलत नाही, निदान त्या घोड्यासमोर उभं राहिल्यावर उचलेल. आप्पा नवं धोतर नेसून खांडबाऱ्याच्या फलाटावर माझ्याआधी हजर होते.

संग्रहालयात ठरलेल्या वेळी माहिती सांगणारी एक मुलगी पंधरा-वीस जणांना घेऊन फिरते. गोड गळ्याची, कामावर जीव असलेली. पहिल्या दालनाच्या दाराशी आप्पांनी चपला काढल्या. रखवालदार म्हणाला, घाला, इथं चालतं. आप्पा म्हणाले, "तुम्हाले चालस, देवले नही चालत." आणि अनवाणीच आत गेले. आत दगडी विष्णू होता, काशाचे तीर्थंकर होते, कापडावर काढलेलं स्वर्ग-नरकाचं मोठं चित्र होतं, लाकडी रथाचा एक तुकडा होता. मुलगी शतकं सांगत होती आणि आप्पा प्रत्येक मूर्तीपुढं हात जोडत होते, त्यामुळे आमचा घोळका सारखा पुढं जायचा आणि आम्ही दोघं मागं पडायचो. एका काशाच्या मूर्तीच्या पेटीवर त्यांनी सवयीनं पेर वाजवलं तेव्हा रखवालदार धावत आला. "काच शे," आप्पांनी त्याला समजावलं, "मूर्तना आवाज नही उना." मी हसलो खरा, पण लक्ष पुढच्या दाराकडे होतं. पुढचं दालन लोकदेवतांचं होतं.

मला वाटलं होतं मीच त्यांना घोड्यापाशी नेईन. ते आधीच तिथं उभे होते. काचेच्या पेटीत, वरून पडणाऱ्या पिवळ्या उजेडात, तो अगदी तसाच. डाव्या डोळ्याचा चुना गालापर्यंत पसरलेला. मुलगी सांगत होती, "हा नवसाचा घोडा. नष्ट होता होता वाचलेला." आप्पा खाली लावलेल्या पाटीकडे बोट दाखवून म्हणाले, "गुरुजी, काय लिखेल शे?" मी वाचलं. भाजलेली माती, सातपुडा परिसर, कारागीर अज्ञात.

"अज्ञात म्हंजे?"

"कोणी केला ते माहीत नाही."

आप्पांनी पाटीवरून बोट काढलं. मग म्हणाले, "आठे कोन्लेच माहीत नही. आनि तठे समदास्ले माहीत शे."

घोळका पुढं सरकला. भिंतीशी एक बाक होतं, त्यावर आम्ही बसलो आणि मी सांगितलं. बाजाराचा दिवस, खोकं, पेंढा, सगळं. आप्पा घोड्याकडे बघत ऐकत होते. माझं संपल्यावर म्हणाले, "माले माहीत व्हतं. आरसाले इतला पेंढा कोन लावस?"

मी विचारलं, मग तुम्ही बोलला का नाहीत... तीस वर्षं?

"बोलतू ते गाव तुम्हाले ऱ्हाऊ नही देतं. तुमना पहिले चार वरीस मास्तर नव्हता. शाया बंद पडी जाती." आणि जरा थांबून, "मन्हं काय, घोडा नही ते माठ."

ते इतकं सहज म्हणाले की मला तिथं रडताही येईना. तेवढ्यात ती मुलगी आम्हाला शोधत परत आली. आप्पांनी तिला विचारलं, "बाई, आठे पानी पडत नही, वारा नही. मंग हाऊ माती कधय व्हई?" तिला कळलं नाही, मी सांगितलं. ती हसून म्हणाली, "होऊच देणार नाही आम्ही, आजोबा." आप्पांनी घोड्याकडे पाहिलं. "म्हंजे अडकी गया बिचारा," ते म्हणाले. घोडा त्यांचा आहे हे तिला मी सांगितलं, तेव्हा ती खरोखर हरखली, वही काढली, म्हणाली नाव सांगा, मी वरती कळवते, पाटी बदलून घेऊ. आप्पांनी मान हलवली. "आठे नाव कसाले? मन्हं नाव तठे जायेल शे." आणि माझ्याकडे वळून, "तठे सांगा, गुरुजी."

मी हो म्हटलं. बाहेर पडायचं दार दुसऱ्याच बाजूला होतं, त्यामुळे चपला शोधायला सगळ्या इमारतीला वळसा घालावा लागला. आप्पा त्या वळशात वाटेतल्या झाडांची मुळं, माती, कुंड्या पाहत चालले होते आणि एकूण सहल त्यांना आवडली होती.

आणि मी सांगितलं नाही. कधी जामनीबाई आजारी, कधी पाड्यावर लग्न, कधी माझे गुडघे. आप्पांनी पुन्हा विषय काढला नाही, तेच मला जास्त जड गेलं. दिवाळीनंतर भेटलो ती शेवटची भेट. खाटेवर बसून होते, हात वाळून काड्या झाले होते. निघताना मी पाया पडायला वाकलो तर त्यांनी डोक्यावर पेर वाजवलं, कान दिला आणि म्हणाले, "आजून कच्चंच शे." डोळ्यांत हसू होतं. मी त्या हसण्यावर वेळ मारून नेली.

दहाव्याला गेलो तेव्हा सुमननं आतून एक घोडा आणून माझ्या पुढ्यात ठेवला. संग्रहालयातून आल्यावर आप्पांनी तो केला होता, तीस वर्षांत पहिला. मानेला जरा बाक आलेला, एक पाय किंचित आखूड. डोळ्यांच्या जागी दोन खळगे. "तुमनाकरता करेल शे, म्हने गुरुजीले द्यायना शे, त्या मांगतीन तधय," ती म्हणाली. मी कधी मागितलाच नव्हता. दारात सगळा पाडा बसलेला होता. काठी टेकून जामनीबाईही आली होती. मी घोडा धरून उभा राहिलो आणि सांगून टाकलं. शाळेत चाळीस पोरांपुढं जो आवाज लागायचा तो लागला नाही, पण सगळ्यांनी ऐकलं. एक म्हातारा उठून बाहेर गेला. जामनीबाई तिच्या बोलीत माझ्याकडे न बघता काहीतरी म्हणाली. सुमननं मला सांगितलं, ती म्हणते, आम्ही धुडकूच्या दारात यायचं सोडलं, ते आता कुणाला सांगू?

मोहाच्या झाडापर्यंत जामनीबाई माझ्याबरोबर चालली. चुन्याची डबी तिच्याच कनवटीला होती. मी डबी तिच्यापुढं धरली, तर तिनं माझं बोट धरून त्यात बुडवलं. माझंही बोट थरथरलं. डोळे काही नीट लागले नाहीत.

मागच्या आठवड्यात पुन्हा जाऊन आलो. घोडा पुढच्या रांगेत उभा आहे. कुणाच्या तरी शेळीनं अंग घासलं असावं, उजवा कान तुटून पायाशी पडला होता. कपची स्वच्छ होती, जोडली तर बेमालूम बसली असती. मी सवयीनं वाकलो, हात पुढं केला... आणि तिथंच मला आप्पांचं ते पेर डोक्यावर वाजल्यासारखं झालं. मी हात मागे घेतला. कान तिथंच मातीत राहू दिला आणि खांडबाऱ्याच्या गाडीची वेळ झाली होती म्हणून निघालो.