विचारलं तेवढंच

करिष्माच्या पहिल्या फिल्ममध्ये माणूस एकच, तिचे पप्पा बुद्धरत्न. आणि नेमका तोच बोलेना.

एरवी ती निगडीत लग्नांचे व्हिडिओ एडिट करायची. उद्या, सोमवारी, तिला फिल्म पुण्यातल्या निवड समितीकडे पाठवायची होती. विषय, आजोबा भिवा गावात काय काम करायचे. ते सांगणारे घरात पप्पाच उरले होते.

दिघीच्या घरातल्या हॉलमध्ये पप्पा कंपनीचा इस्त्रीचा शर्ट घालून, गुडघ्यांवर हात ठेवून बसलेले. चाकणच्या कारखान्यात, पत्रे दाबून भाग काढणाऱ्या प्रेस शॉपमध्ये एकतीस वर्षं काढलेला माणूस.

"आजोबा कसे होते?"

"चांगले."

"गावात काय करायचे?"

"काम."

"कुठलं काम, पप्पा?"

"नेमून दिलेलं."

स्वयंपाकघरातून आई कडाडली, "अवं, पोरगी हाय ती, मॅनेजर न्हाई! माझ्याशी भांडताना बरा तोंडाचा पट्टा चालतोय!"

पप्पांनी कॉलर सरळ केली. करिष्माला राग यायला हवा होता, आला नाही. रोज पाठवणीची रडारड कापून कापून तिच्या आत हल्ली काही हलतच नसे.

मग तिच्या ध्यानात आलं. कॅमेरा म्हणजे पप्पांच्या लेखी ऑडिट! बाहेरचे साहेब कामाची पद्धत तपासायला येणार, त्याच्या आदल्या दिवशी सुपरवायझर सगळ्यांना पढवायचा, "भावांनो, इच्यारलं तेवढंच. फुकटचं ग्यान नको." पप्पाच घरी त्याची नक्कल करायचे, पोटावरचा पट्टा वर ओढून.

तिनं पाठ ताठ केली, घसा खाकरला, साहेबी आवाज काढला. "बुद्धरत्नजी, भिवा यांच्या कामाची पद्धत सांगा. क्रमानं."

"व्हय, सर." पप्पा सरसावून बसले. "एक. गावात मयत झालं की खबर घेऊन परगावी चालत जायचं. ऊन, पाऊस बघायचा न्हाई. दोन. वेशीबाहेर थांबायचं, तिथूनच हाळी द्यायची. तीन. भाकर वरून टाकतील, ती फडक्यात झेलायची. हाताला हात लागता कामा नये. चार. छप्पन्नला दीक्षा घेतली. काम बंद."

आई दारात येऊन उभी राहिली.

करिष्मानं फोकस पाहिला. ठीक होता. आवाजही येत होता. रडू तेवढं येत नव्हतं.

"आणि भिवांच्या स्वतःच्या घरी मयत झालं तर? खबर कोण न्यायचं?"

"तेच."

मग पप्पा ऑडिटच्या शेवटी विचारतात तसं अदबीनं म्हणाले, "काही खोट निघाली का, सर?"

"नाही, पप्पा," ती म्हणाली. कॅमेरा तिनं चालूच ठेवला.