पांढरी नव्हे, पांथरी

"बोलू नको. आधी हात ठेव."

केसपेपरच्या खिडकीतून अक्कांचं पहिलं वाक्य हे असायचं. पेशंट तोंड उघडायच्या आत त्या पेन्सिल कानावर खोचायच्या आणि स्वतःच्या पोटावरून, छातीवरून, कमरेवरून हात फिरवून खुणेनंच विचारायच्या, कुठं? माणूस जिथं हात ठेवेल तिथं नीट बघून घ्यायच्या आणि मग म्हणायच्या, "हां, आता सांग. तुमच्यात याला काय म्हणतात?"

दवाखान्याच्या रांगेत तुम्हीही कधी उभे राहिला असाल. केसपेपरवाला नाव, वय, गाव विचारतो आणि पुढच्याला हाक मारतो. तक्रार विचारणं हे त्याचं काम नाही. अक्कांचंही नव्हतं. तरी त्या विचारायच्या आणि केसपेपरच्या उजव्या कोपऱ्यात पेशंटचा शब्द जसाच्या तसा पेन्सिलीनं लिहायच्या. 'जीव उलतोय.' 'मुंग्या पळत्यात.' 'बरगडीत उसण.' काही डॉक्टर तो कोपरा वाचून हसायचे, काही वाचायचेच नाहीत.

मी त्या धर्मादाय दवाखान्यात लॅब टेक्निशियन. लॅबचं दार खिडकीच्या अगदी समोर, त्यामुळे रक्त काढता काढता अक्कांचं बोलणं कानावर पडायचं. त्या सोलापूरच्या पूर्व भागातल्या, विणकराच्या घरच्या. घरात तेलुगू, शेजारी कानडी, गल्लीत दख्खनी आणि शाळेत मराठी. तुम्हाला चार भाषा येतात, असं कुणी कौतुकानं म्हटलं की त्या लगेच खोडून काढायच्या. "भाषा कुठल्या? चार भाषांतली आजारपणं येतात. कानडीत भाजीचा भाव करायला सांगा, फसवून घेऊन येईन."

या आजारपणांत त्यांचा एक लाडका शब्द होता. लाडका म्हणणं चमत्कारिक वाटेल, पण दुसरा शब्द मला सुचत नाही. पांथरी.

पोटात डाव्या बाजूला, बरगड्यांच्या आड एक अवयव असतो. पुस्तकात त्याला प्लीहा म्हणतात. निरोगी माणसाला तो हाताला लागतही नाही. पण काही आजारांत तो फुगतो, बरगडीखालून खाली उतरतो आणि कधीकधी बेंबीपर्यंत येतो. आमच्याकडची जुनी माणसं त्या अवयवालाही पांथरी म्हणतात आणि त्याच्या फुगण्यालाही. 'पांथरी आली', 'पांथरी वाढली', 'पांथरी उतरली', असं सगळं त्या एका शब्दावर भागतं. दख्खनीत तिल्ली. कानडी मुलखातले लोक कधी गुल्म म्हणतात, कधी नुसतीच 'होट्ट्याग गड्डी', म्हणजे पोटात गड्डा. तेलुगूत बल्ल. बल्ल म्हणजे लाकडाची फळी. पोटात फळी घातल्यासारखं कडक लागतं म्हणून बल्ल, असं अक्का सांगायच्या. खरंखोटं मला माहीत नाही.

मी एकदा शब्दकोश उघडून त्यांना दाखवला. त्यात 'पाणथरी' असं होतं.

"मग तुम्ही पांथरी का लिहिता?" मी विचारलं.

"कोश कधी आपल्या खिडकीवर आला होता का?" अक्का म्हणाल्या. "जो येतो तो पांथरी म्हणतो. आला की कोशाचंही लिहून घेईन."

मग दवाखान्यात कॉम्प्युटर आले. खिडकीवर टायपिंग येणारी एक मुलगी बसली. स्क्रीनवर तक्रारींची यादी यायची, तिच्यातली एक निवडायची. ताप, खोकला, पोटदुखी, इतर. कागदाचा कोपराच राहिला नाही. निवृत्तीला दोन वर्षं उरलेल्या अक्कांना मागच्या रेकॉर्ड रूममध्ये जुन्या फायली लावायला पाठवलं. त्या कुरकुरल्या नाहीत. फक्त पहिल्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत डबा उघडताना म्हणाल्या, "इतर म्हणजे गं काय? माणूस 'इतर' होऊन कसा काय येईल?"

त्यानंतरच्या उन्हाळ्यातली ही गोष्ट.

रेकॉर्ड रूमच्या पायरीवर एक म्हातारी बसली होती. अक्कलकोटच्या पलीकडची, मेंढरं राखणाऱ्या घरातली. शेजारी तिची सून, पंचविशीच्या आतबाहेरची, भिंतीला डोकं टेकून. अंगात रक्त नाही हे मला लांबूनसुद्धा दिसलं. अक्का फायली घेऊन बाहेर आल्या आणि सवयीनं थांबल्या.

"काय झालंय हिला?"

"काय सांगू बाई," म्हातारी म्हणाली. "तिसऱ्या बारीला आलोय. पांथरी आलीया म्हणून सांगतोय, तर गोळ्या भलत्याच देत्यात. पोरगी निस्ती वाळायलीया."

अक्कांनी हातातल्या फायली पायरीवर ठेवल्या आणि कागद मागितला. छापील कागदावर निदानापुढे लिहिलं होतं, श्वेतप्रदर. म्हणजे बायकांना अंगावरून पांढरं जातं ते.

काय झालं असेल ते अक्कांच्या तिथंच लक्षात आलं. तपासणारे डॉक्टर तरुण, कोकणातले, सोलापुरात येऊन जेमतेम तीन महिने झालेले. सून लाजाळू, तोंडावर पदर धरून बोलणारी. तिनं सांगितलं 'पांथरी', त्यांनी ऐकलं 'पांढरी'. अंगावर पांढरं जातं का, असं त्यांनी विचारलं असणार आणि डॉक्टरांना नाही कसं म्हणायचं म्हणून ती व्हय म्हणाली असणार. पुढच्या खेपेला आधीचाच कागद बघून तेच औषध पुढे चालू.

"मागं फिरा," अक्का म्हणाल्या. सुनेला दंडाला धरून उठवलं आणि बाहेर चाळीस माणसं बसलेली असताना त्या सरळ डॉक्टरांच्या खोलीत शिरल्या. मी हातातलं काम टाकून मागोमाग गेले.

"अक्का, रांग आहे," डॉक्टर म्हणाले.

"सर, हिला पांढरी नाही. पांथरी आहे."

"म्हणजे?"

"डाव्या बरगडीखाली हात लावून बघा."

"मी हिला दोनदा विचारलंय. तिनं स्वतः सांगितलंय."

"विचारलंत सर. हात लावून बघितलं नाहीत."

डॉक्टरांचे कान लाल झाले. त्यांनी सुनेला टेबलावर झोपायला सांगितलं. म्हातारीनं लुगडं बाजूला केलं. डाव्या कुशीवर बिब्ब्याचे दोन डाग होते, एक सुकलेला, एक ओला. गावात पांथरीवर हाच इलाज करतात. डॉक्टरांनी बोटं बरगडीखाली ठेवली, मग खाली सरकवली, आणखी खाली, थेट बेंबीपर्यंत. त्यांचा चेहरा उतरला. हात उचलून ते हळू आवाजात म्हणाले, "उठू नका. सावकाश. पोटाला धक्का लागू देऊ नका."

म्हातारीला कळेना. "का वं? आता तर मेंढरांमागनं चालत स्टँडावर आलीया की."

एवढी फुगलेली प्लीहा साध्या माराने, पडल्यानेही फुटू शकते. पोटातल्या पोटात रक्त जाऊन माणूस संपतो. ही बाई दोन महिने मेंढरांमागे काट्याकुट्यांतून हिंडत होती, विहिरीवरून पाणी शेंदत होती. हे म्हातारीला कानडीत अक्कांनी सांगितलं. सगळं नाही सांगितलं बहुतेक, कारण म्हातारी रडली नाही.

रक्त मी काढलं. काचपट्टी करून सूक्ष्मदर्शकाखाली धरली. जिथं लाल पेशींच्या गर्दीत एखाददुसरी पांढरी पेशी दिसायची, तिथं पांढऱ्या पेशींची जत्रा भरलेली. लहान, मोठ्या, कच्च्या, पिकल्या. रक्ताचा कर्करोग. त्यातल्या त्यात बरी गोष्ट म्हणजे हा प्रकार बहुधा रोजच्या गोळीनं वर्षानुवर्षं ताब्यात राहतो. पुढच्या तपासण्यांत ते पक्कं झालं.

अक्का दारात उभ्या होत्या. मी म्हणाले, "अक्का, शेवटी पांढऱ्याच निघाल्या." रक्तातल्या, असं म्हणायचं होतं मला.

त्यांनी डोळा लावून काचपट्टी बघितली. काय दिसलं त्यांना कोण जाणे. "म्हणजे सरही बरोबर म्हण की," त्या म्हणाल्या. "जागा तेवढी चुकली."

त्या संध्याकाळी ओपीडी संपल्यावर डॉक्टर रेकॉर्ड रूममध्ये आले. मी अक्कांबरोबर चहा घेत होते. ते फायलींच्या स्टुलावर बसले आणि म्हणाले, "माझ्या हातून गेली असती ती."

अक्कांनी त्यांच्यापुढे बशीत चहा ओतला. धीर द्यायचा म्हणून माणसं काहीतरी गोड बोलतात. अक्कांनी तसं केलं नाही.

"मी नवीन होते तेव्हाची गोष्ट सांगते सर," त्या म्हणाल्या. "खिडकीवर एक मागवाला आला, माग चालवणारा. आमच्याच गल्लीपलीकडचा. तेलुगूत म्हणाला, पोटात बल्ल पडलंय. मागं उभे होते ते हसले, पोटात फळी कशी म्हणून. मीही हसले. मला शब्द येत होता. आमच्या आजीच्या तोंडात होता. पण रांग लांब होती, मी लिहिलं पोटदुखी. त्याला पोटदुखीचं औषध मिळालं, तो गेला. आठ दिवसांनी कारखान्यात तोल जाऊन मागाच्या लाकडावर पडला. फार लागलंही नव्हतं म्हणे. रात्र निघाली नाही."

चहा निवत होता. बाहेर शिपाई खिडक्या लावत होता.

"त्याची बायको मृत्यूच्या दाखल्यासाठी माझ्याच खिडकीवर आली. तिला मी काही सांगितलं नाही. आजवर कुणालाच सांगितलं नाही." अक्कांनी बशी डॉक्टरांकडे सरकवली. "तुमचा पेशंट तिसऱ्यांदा तरी आला सर. माझा परत आला नाही."

मी इतकी वर्षं समोरच्या दारात बसत होते. त्या कोपऱ्यातल्या पेन्सिलीला मी छंद समजत होते.

डॉक्टरांनी खिशातून छोटी वही काढली. "आणखी काय काय म्हणतात इथले लोक? सांगाल?"

"आज नको," अक्का म्हणाल्या. "उद्या जेवणाच्या सुट्टीत या. आणि डबा आणा, उपाशीपोटी शिकवत नाही मी."

ते आले. पुढे कितीतरी दिवस येत राहिले. रेकॉर्ड रूममधून दोघांच्या हसण्याचा आवाज यायचा. उसण म्हणजे काय, लचक आणि उसण यांत फरक काय, कळ आणि ठणका एकच का, असले वाद चालायचे. डॉक्टरांनी कोकणातले शब्द सांगितले की अक्का तेही लिहून घ्यायच्या. "कोण जाणे, एखादा कोकणातला यायचा चुकून सोलापुरात," म्हणायच्या.

सुनेची गोळी सुरू झाली. दर महिन्याला दोघी यायच्या, रक्त द्यायच्या, गोळ्या न्यायच्या. चौथ्या-पाचव्या महिन्यात डॉक्टरांना बोटं खुपसूनही प्लीहा सापडेना. सून पहिल्यांदाच माझ्याकडे बघून मोठ्यानं बोलली, "पांथरी उतरली न्हवं बाई?" मी व्हय म्हणाले. रोग गेला नव्हता, गोळी सुटणार नव्हती, हे तिला माहीत होतं. पण पांथरी उतरली होती, हेही खरंच होतं.

अक्का निवृत्त झाल्या आणि कुंभारीच्या कामगार वसाहतीत मुलाकडे राहायला गेल्या. पुढच्या खेपेला म्हातारी रेकॉर्ड रूमला कुलूप बघून माझ्याकडे आली. काखेत घडी घातलेलं काळं घोंगडं, स्वतःच्या मेंढरांच्या लोकरीचं. "बाईस्नी द्यायचं हाय. कुटं ऱ्हात्यात?"

मी अर्धी रजा टाकली आणि दोघींना रिक्षानं कुंभारीला घेऊन गेले. अक्का दारात गव्हाला ऊन देत बसल्या होत्या. घोंगडं बघून आधी रागावल्या, मग मांडीवर घेऊन त्यावरून हात फिरवत बसल्या. त्यांचा आणि म्हातारीचा कानडीत जो संवाद सुरू झाला तो दोन तास थांबला नाही. भाजीचा भाव करता येत नाही म्हणणाऱ्या अक्का काय काय बोलत होत्या! मला एक अक्षर कळलं नाही. सून मधूनमधून लाजून हसायची, एवढ्यावरून विषय कधी तिच्यावर येतोय ते समजायचं.

उन्हं कलल्यावर आम्ही बस थांब्यावर आलो. अक्काही आल्या, चपला न घालता. बस आली, दोघी चढल्या, खिडकीजवळ बसल्या. त्यांना स्टँडावर उतरवून अक्कलकोटच्या गाडीत बसवायचं म्हणून मीही मागं चढले. म्हातारीनं खिडकीतून काहीतरी विचारलं. अक्का उत्तर द्यायला लागल्या आणि बस सुटली. त्यांचं बोलणं अर्धं राहिलेलं, म्हणून त्या खिडकीची कड धरून चार पावलं बसबरोबर चालल्या, मग हात सुटला, तरी रस्त्यात उभ्या राहून मोठ्यानं काहीतरी सांगतच होत्या. म्हातारी मान बाहेर काढून "हौद, हौद," म्हणजे होय होय, म्हणत होती.

पुढच्या वेळी भेटल्यावर विचारू, काय सांगत होतात म्हणून, असं मी मनाशी म्हटलं. पावसाळ्याआधी अक्कांच्या मुलाचा फोन आला. झोपेतच गेल्या होत्या.

म्हातारीला मी विचारू शकले असते. ती अजून येते. का कोण जाणे, विचारलेलं नाही.