भुईगावची क्रायसाओरा

इनास सरांशी माझी ओळख एका रेघेवरून झाली. कॉलेजात इंग्रजी शिकवायला लागून मला जेमतेम आठवडा झाला होता. टायपिस्ट रजेवर होता, म्हणून प्राणिशास्त्राची प्रश्नपत्रिका मी टाइप करून दिली. दुसऱ्या दिवशी पांढरा अर्ध्या बाह्यांचा सदरा घातलेले एक उंच गृहस्थ माझ्या टेबलापाशी आले. त्यांनी कागद माझ्यासमोर ठेवला आणि प्राण्याच्या शास्त्रीय नावाखाली मी ओढलेल्या लांब रेघेवर बोट टेकवलं. नावात दोन शब्द असतात, म्हणून रेघा दोन हव्यात आणि मधे जागा मोकळी हवी, असं त्यांनी मला समजावलं. पहिल्या शब्दाचं पहिलं अक्षर मोठं, दुसऱ्याचं लहान. मग त्यांनी खिशातून फूटपट्टी काढली आणि सगळ्या प्रती माझ्या देखत दुरुस्त केल्या. त्या एकशे दहा होत्या. ते संपेपर्यंत मला उठता आलं नाही.

मुलांनो, मागच्या महिन्यात तुम्ही राहता तिकडच्या किनाऱ्यावर पडलेल्या जेलीफिशचा फोटो पाठवून मला तिचं नाव विचारलंत. मला ते माहीत नाही. ज्यांना विचारलं असतं ते इनास सर गेले, त्याला दीड वर्ष झालं. तेव्हा नावाऐवजी सरांबद्दल लिहिते.

सर भुईगावचे. तरुणपणी पाद्री व्हायला सेमिनरीत गेले होते आणि तीन वर्षांनी परत आले. का परत आले ते कधी सांगितलं नाही. तिथली लॅटिन तेवढी बरोबर आणली आणि ती त्यांनी जन्मभर समुद्रातल्या प्राण्यांवर खर्च केली. त्यांचा खास जीव जेलीफिशवर. "लॅटिन मेलेली भाषा आहे ते बरं आहे," ते म्हणत. "जिवंत भाषेतली नावं माणसं बदलत बसतात. आपल्या वसईचीच किती झाली बघा."

शास्त्रीय नाव कसं वाचायचं हे ते मुलांना हजेरीपटावरून शिकवत. आडनाव आधी, नाव मागून. एका आडनावाची माणसं पुष्कळ असतात, एका आडनावात एकाच नावाचे दोघे मात्र चालत नाहीत. मग अर्थ सांगत. ऑरेलिया ऑरिटा म्हणजे सोनेरी, कानवाली. फळ्यावर तिचं चित्र काढून म्हणत, "हिच्यात सोनं नाही आणि हिला कानही नाहीत. नाव ठेवणाऱ्याला दिसले. आपण हरकत घ्यायची नाही." पोर्पिटा पोर्पिटा म्हणजे कपड्याला लावायची पिन. फायसेलिया फायसेलिस म्हणजे फुगा, आणि पुन्हा फुगा. हा निळा फुगा पावसाळ्यात आपल्या किनाऱ्यावर येतो आणि डंख मारतो. दोनदा सांगूनही लोक हात लावतात, अशी सरांची तक्रार होती. तो एक प्राणी नसून अनेक जीवांची वसाहत आहे, हे त्यांनी वर्गाला असं सांगितल्याचं मला आठवतं: "ही चाळ आहे. कुणी जेवणाचं बघतो, कुणी मारामारीचं."

सरांच्या पत्नी फिलोमिना. गाव त्यांना फिलूबाई म्हणे. माहेर निर्मळचं, मोगऱ्याच्या वाडीतलं. लग्नाआधी सगळं गाव नवऱ्याला सर म्हणायचं, म्हणून त्याही सरच म्हणत. त्या घरी कादोडी, ही आपली वसईकडची बोली, बोलत. ती तुम्हाला कळणार नाही म्हणून त्यांचं बोलणं मी इथे साध्या मराठीत लिहिते आहे. त्यात निम्मी मजा गेली असं समजा. पावसाळा संपला की दोघं रोज सकाळी भुईगावच्या किनाऱ्यावर फिरायला जात. सरांच्या हातात एनॅमलचं भांडं आणि वही. फिलूबाईंच्या हातात काही नसे, पण जे सापडे ते त्यांनाच सापडे. सर चष्मा पुसेपर्यंत त्या प्राण्यापाशी पोचलेल्या असत.

अशाच एका सकाळी त्यांनी वाळूतली एक जेलीफिश दाखवली. ती कुठल्या घराण्यातली हे सरांनी लगेच ओळखलं: क्रायसाओरा, म्हणजे सोन्याची तलवार. पण तिच्या कडेच्या झालरीच्या पाकळ्या त्यांच्या पुस्तकातल्या कुठल्याच वर्णनाशी जुळेनात. त्यांनी तीन दिवस मोजल्या. मग बरणीवर लेबल लावलं: क्रायसाओरा, आणि पुढे इंग्रजी एस आणि पी. म्हणजे आडनाव कळलं आहे, नाव कळायचं आहे. असं लिहायला लाजायचं नाही, हे त्यांचं नेहमीचं सांगणं होतं. लाज चुकीचं नाव ठोकून देण्यात आहे.

त्या आठवड्यात त्यांनी मला घरी बोलावलं. इंग्रजी पत्रं माझ्याकडून लिहून घेत आणि त्यांचा ई-मेलही माझ्याच पत्त्यावर येई. ओट्यावर बसून त्यांनी मला कामाचं स्वरूप समजावून सांगितलं. ही जेलीफिश नवीन असेल तर तिला नाव द्यावं लागेल. स्वतःचं नाव देत नाहीत, दुसऱ्याचं देता येतं. मी थक्क झाले. प्राण्यांना माणसांची नावं देणाऱ्यांना ते वर्गात फार बोलत. नाव प्राण्याचं असतं, आपल्या ओळखीच्या माणसाचं नव्हे, असं मी स्वतः ऐकलं होतं.

"फिलोमिना हे हिच्या आजीचं नाव," सर म्हणाले. "आजीला तिच्या आजीचं मिळालं होतं. आमच्यात पहिल्या नातीला आजीचं नाव ठेवतात. आम्हाला मूल नाही. म्हणजे ते हिच्यापाशी थांबलं." मग त्यांनी मला पत्राचा मसुदा दिला.

एका संशोधन संस्थेला पत्र गेलं. उत्तर सभ्य होतं. आता नुसत्या आकारावर नवी जात ठरत नाही, आनुवंशिक तपासणी लागते, आणि त्यासाठी नमुना अल्कोहोलमध्ये ठेवलेला हवा. सरांनी तो फॉर्मॅलिनमध्ये बुडवला होता. चाळीस वर्षं प्रयोगशाळेत जे हाती लागेल ते त्यांनी फॉर्मॅलिनमध्येच घातलं होतं, आणि घालताना एकदाही थेंब सांडला नव्हता. फॉर्मॅलिननं आकार राहतो, तपासायचं ते बिघडतं. "मॅडम," ते म्हणाले, "मी तिला नीट ठेवली, म्हणून ती वाया गेली." फिलूबाईंनी विचारलं, आता दुसरी शोधायची का? सर म्हणाले, हो. त्यांनी चपला घातल्या.

चार वर्षं दुसरी मिळाली नाही. सरांनी अर्नाळ्याच्या कोळ्यांना सांगून ठेवलं, चित्र काढून वाटली. दर बुधवारी दारावर मासळी घेऊन येणाऱ्या हिराबाईंनी ते चित्र टोपलीच्या तळाशी घातलं होतं आणि येताजाता त्या सरांची थट्टा करायच्या. लोक पापलेट मागतात, मास्तर जाळ्यातला कचरा मागतो, असं त्या आळीभर सांगत. पण एका बुधवारी त्या मासळीआधी बादली घेऊन आल्या.

"घ्या मास्तर, तुमची सोयरी आली. जाल्यात गावली. पान्यातून काढली नाय, हातबी लावला नाय."

सरांनी झालर मोजली. पुन्हा मोजली. मग अल्कोहोलची बरणी आणली. ती चार वर्षं तयार होती. हिराबाईंना खुर्ची दिली. त्या बसल्या नाहीत, बाकीची मासळी तापते म्हणाल्या.

या वेळी दोन्ही बरण्या संस्थेकडे गेल्या. तपासणीला महिने लागतात. त्या महिन्यांत फिलूबाईंच्या मूत्रपिंडांनी साथ सोडली आणि त्या दवाखान्यात गेल्या, त्या बऱ्या होऊन येतील असं कुणी म्हणेना. सर दवाखान्यातून परत येताना वाटेत बोळिंजला माझ्या घरी उतरत आणि उत्तर आलं का म्हणून विचारत. चहा घेत नसत.

उत्तर एका सोमवारी आलं. मी ते छापलं आणि दोन दिवस पर्समध्ये ठेवलं. ते चांगलं केलं असं मी म्हणणार नाही. बुधवारी सरांनी विचारलं तेव्हा मला खोटं बोलता आलं नाही.

जेलीफिश नवीन नव्हती. फार पूर्वी कुणा परदेशी माणसानं तिचं वर्णन करून ठेवलं होतं, सरांच्या पुस्तकात ते नव्हतं इतकंच. तिचं नाव क्रायसाओरा कॅलिपॅरिया. आधीचं नाव असताना नवं देता येत नाही, हा नियम. मात्र पहिल्या बरणीवरून आकार आणि दुसरीवरून तपासणी, अशी खात्री पटल्यामुळे आपल्या किनाऱ्यावरची नोंद म्हणून दोन्ही नमुने संग्रहात ठेवायची त्यांची इच्छा होती. सरांनी आपल्या हातची लेबलं पाठवावीत, त्यावर कुणाला सापडली ते लिहावं.

सरांनी पत्र दोनदा वाचलं. "आधीची नोंद ती खरी," ते म्हणाले. "बाप्तिस्म्याच्या वहीसारखं. मी वर्गात इतकी वर्षं हेच सांगितलं. ते मलाही लागू होईल असं वाटलं नव्हतं." मग चहा मागितला.

दुसऱ्या दिवशी मी त्यांच्याबरोबर दवाखान्यात गेले. सरांनी खाटेशेजारी स्टूल घेतलं आणि सगळं क्रमानं सांगितलं, नावाच्या अर्थासकट. कॅलिपॅरिया म्हणजे सुंदर गालांची.

"जेलीला गाल कुठून?" फिलूबाईंनी विचारलं.

"ते नाव ठेवणाऱ्याला विचारायला हवं. तो वारला."

 फिलूबाई म्हणाल्या, झालं ते बरं झालं. नाहीतर डंख बसला की लोकांनी त्यांच्या नावानं बोटं मोडली असती. सरांनी मान डोलावली, पण त्यांच्याकडे बघितलं नाही.

त्यांनी खिशातून दोन लेबलं काढली. पेन्सिलनं लिहायची होती, कारण शाई स्पिरिटमध्ये पळते. हिराबाईंच्या नावाचं सकाळीच त्यांच्याकडे जाऊन लिहून झालं होतं. पूर्ण नाव विचारल्यावर त्यांनी पोलीस तर येणार नाहीत ना, याची दोनदा खात्री करून घेतली होती. दुसरं सरांनी लिहिता लिहिता वाचून दाखवलं. प्राण्याचं नाव. ठिकाण: भुईगाव, समुद्रकिनारा. संकलक: फिलोमिना, आणि आडनाव.

"कुठली फिलोमिना?" फिलूबाई म्हणाल्या. "आपल्या आळीत याच नावाआडनावाची आणखी एक आहे. निर्मळची लिहा."

सरांनी समजावलं की लेबलावर प्राणी सापडला ते ठिकाण असतं, शोधणाऱ्याचं माहेर नसतं. तशी पद्धत नाही. लेबल वाचणारा गोंधळेल.

"माझ्या आजीचं नाव आहे आणि आजी निर्मळची," फिलूबाई म्हणाल्या. "लिहायचं तर नीट लिहा, सर."

सरांनी पेन्सिलला टोक केलं. त्याला बराच वेळ लागला. मग शेवटच्या ओळीत उरलेल्या जागेत अगदी बारीक अक्षरात त्यांनी निर्मळ लिहिलं, आणि फिलूबाईंना दिसेल असं लेबल त्यांच्यासमोर धरलं. त्यांनी ते वाचलं. चष्म्याशिवाय वाचलं.

फिलूबाई पुढच्या आठवड्यात गेल्या.

चार-पाच महिन्यांनी संस्थेतून एका मुलीचा फोन आला, माझ्याकडेच. मी भुईगावला जाऊन तिला परत फोन लावला आणि तो सरांच्या हातात दिला. नोंदवहीत उतरवताना तिला एका लेबलावर दोन गावं दिसत होती. त्यातलं कुठलं खोडायचं, असं तिनं विचारलं.

"प्राणी भुईगावचा," सर म्हणाले. "बाई निर्मळची. दोन्ही ठेवा."