निकेल निथळेपर्यंत

आमच्या हिच्या थोरल्या मामांसमोर माणसानं काहीही बोलावं. त्यांचा आवाज बेसूर आहे म्हणावं, त्यांची टोपी जुनाट आहे म्हणावं, त्यांच्या भाचीच्या आमटीत मीठ कमी पडतं असंसुद्धा म्हणावं. ते हसून सोडून देतात. पण "पाण्याचं काय मामा, द्यायचं नाल्यात सोडून" हे वाक्य त्यांच्यासमोर उच्चारायची उभ्या मावळ तालुक्यात कोणाची छाती नाही. ते मी उच्चारलं. तेही भर दुपारी, मामांच्याच शेडमध्ये, त्यांनीच मागवलेला चहा पीत, मामांना काम देणाऱ्या कंपनीच्या खरेदी साहेबांच्या देखत.

मामांचं हे शेड वडगावच्या अलीकडे आहे. तिथं लोखंडी पार्टवर निकेलचा मुलामा चढवतात. या धंद्यात पार्ट चमकतात आणि पाणी बिघडतं. ते बिघडलेलं पाणी शुद्ध करूनच बाहेर सोडायचं असा सरकारी नियम आहे, आणि त्यासाठी मामांनी शेडमागे जो प्लँट बसवला आहे तो शेडपेक्षा जास्त खातो. वीज खातो, औषधं खातो, शिवाय खाली बसलेला गाळ पोत्यांत भरून सरकारमान्य जागी पाठवावा लागतो. हायवेच्या पलीकडे नुकतंच दुसरं एक शेड झालं होतं. तिथं हे सगळं कागदावर होतं. पाणी मात्र एका नळीतून थेट ओढ्यात जात होतं. साहजिकच त्यांचा रेट कमी होता. खरेदी साहेब सांगायला आले होते, की पाच वाजेपर्यंत तो रेट जुळवा, नाहीतर काम पलीकडे जाईल. आणि मामांच्या शेडमधलं निम्म्याहून अधिक काम याच कंपनीचं होतं.

हिनं मला मुद्दाम धाडलं होतं. "मामा रागाच्या भरात काम घालवून बसतील. तुम्ही बाजूला बसा आणि गोड बोला," एवढी साधी कामगिरी. बाजूला मी बसलो होतो.

माझ्या वाक्यानंतर मामांनी माझ्याकडे पाहिलं नाही. त्यांनी खिशातून कागदाची पिवळी पट्टी काढली आणि माझ्या चहात बुडवली. ही त्यांची जुनी सवय. पाणी आम्ल की अल्क हे रंगावरून सांगणाऱ्या या पट्ट्या ते इतर लोक तंबाखू बाळगतात तशा बाळगतात आणि राग आला, की हाताशी येईल त्यात बुडवतात. लग्नाच्या पंगतीत मठ्ठ्यात बुडवतात. सत्यनारायणाच्या तीर्थात बुडवून, "ठीक आहे, घ्या," असं भटजींच्या आधी सांगतात. मी मुलगी पाहायला गेलो होतो तेव्हा माझ्या सरबतात बुडवली होती. मला वाटलं, त्यांच्या घरची काहीतरी रीत असेल, म्हणून मीही भक्तिभावानं नमस्कार केला.

मामा मूळचे कुरवंड्याचे. इंद्रायणी तिथं उगम पावते, आणि शेडमागचा नालाही पुढं तिलाच मिळतो. पण मामांचं बोलणं ऐकलं तर वाटावं, की यांच्या आजोबांनी ती परसात लावली आणि मग उरलेल्या जिल्ह्याला मोठ्या मनानं पाणी दिलं. खंडेनवमीला बाकीचे कारखानदार यंत्रांची पूजा करतात. मामा पहिला हार प्लँटच्या पंपाला घालतात, मग गणपतीला. प्रदूषणवाले साहेब तपासणीला येणार म्हटलं, की इतरांची धावपळ उडते. मामांकडे ते बरेच दिवस फिरकले नाहीत तर मामाच फोन करतात, "साहेब, आमचं काही चुकलं का? येणं नाही झालं!" एकदा ते साहेब मला वडगावच्या बाजारात भेटले, तर आधी मामा बरोबर नाहीत ना हे पाहून मग हसले. मामांच्या तावडीत सापडलं, की शुद्ध केलेल्या पाण्यावर वाढवलेल्या भेंड्या घरी न्याव्या लागतात.

पण त्या दुपारी मामांचं यातलं काहीच चालत नव्हतं. साहेब उठून शेडमध्ये फेरी मारू लागले. टाकीपाशी मामांचा जुना कारागीर उभा होता, गायकवाडभाऊ, तोही कुरवंड्याचाच. निकेलच्या टाकीतून पार्ट लावलेला रॅक उचलून तो हवेत धरून उभा होता आणि टाकीपलीकडे काम करणाऱ्या मावशींना विचारत होता, "गुडघा कसा हाय आता? वैद्याकडं गेलतीस का? आन् थोरली आली का म्हायेराला?" सगळं विचारून झाल्यावर त्यानं रॅक पाण्यात बुडवला, दुसरा उचलला आणि मावशींनी त्याच्या म्हशीची चौकशी सुरू केली.

"तुमचा रेट का जमत नाही ते आता कळलं," साहेब म्हणाले. "माणसं गप्पा मारतायत."

"गप्पा नाहीत साहेब. निथळवतायत," मामा म्हणाले.

आणि खरंच तसं होतं. रॅक घाईनं पाण्यात घातला, की त्याला चिकटलेलं निकेल पाण्यात जातं. तोच क्षणभर टाकीवर धरला तर थेंब टाकीतच पडतात. निकेलही वाचतं आणि पाणीही कमी बिघडतं. पण क्षणभर म्हणजे किती हे कोणाच्या लक्षात राहीना, म्हणून मामांनी नियम केला होता, की समोरच्याच्या घरच्यांची चौकशी पूर्ण होईपर्यंत रॅक खाली करायचा नाही. त्यामुळे त्या शेडमध्ये कोणाची आजी कुठं घसरली हे सगळ्यांना ठाऊक असे.

साहेब इंजिनिअर होते, लगेच समजले. चेहरा थोडा निवळलाही. "यात वाचतं का पुरेसं?"

इथं दुसरा कोणीही थाप मारून मोकळा झाला असता. मी तर मामांना डोळ्यांनी खुणावतही होतो. मामा म्हणाले, "वाचतं. पण प्लँटवर खर्च होतो तेवढं नाही वाचत."

"मग जावईबापू म्हणतात त्याचा विचार करा," साहेब हळूच म्हणाले. "अहो, मला वरचे रोज विचारतात, परराज्यातला पार्ट आपल्यापेक्षा स्वस्त कसा? मी काय सांगू? आमचं पाणी स्वच्छ असतं म्हणून?"

"सांगून तर बघा एकदा."

साहेब हसले नाहीत. घड्याळाकडे पाहून खुर्चीत बसले. जावईबापूंना मात्र त्या खुर्चीखाली जागा असती तर हवी होती.

तेवढ्यात गायकवाडभाऊ हात पुसत पुढं आला. मागं बाकीचे कामगार.

"मामा, रागावू नगा. आमी समद्यांनी बोलून घेतलंय. चार-सहा म्हयने फकस्त सोडा पानी. काम ऱ्हाईल. लोक काय, समदीकडंच सोडत्यात."

मामांचा चेहरा असा मी कधी पाहिला नव्हता. आधी लाल झाला आणि मग एकदम रिकामा. पट्टीसाठी खिशात गेलेला हात तिथंच थांबला. प्लँटच्या आधी पाइपला एक कॉक आहे. तो फिरवला, की पाणी प्लँटला वळसा घालून नाल्याला लागतं. दुरुस्तीसाठी ठेवलेला, आजवर कधी न फिरवलेला. मामांनी भिंतीवरचा पाना काढला आणि गायकवाडभाऊच्या हातात दिला.

"जा. फिरव. मी न्हाई म्हननार न्हाई," रागात मामांची भाषा सरळ कुरवंड्याला जाते. "घरं तुमची हायेत. माझ्या हातानं व्हनार न्हाई, तुज्या हातानं व्हत आसंल तर कर."

आम्ही सगळे मागच्या बाजूला गेलो. साहेबसुद्धा आले. गायकवाडभाऊनं पाना कॉकला लावला. कॉक गंजून घट्ट झाला होता. त्यानं पाय रोवले, जोर लावला, आणि मधेच थांबला. मामा नाल्याकडे पाहत होते. मी प्रार्थना करत होतो, पण नक्की कशासाठी हे माझं मलाच ठरवता येत नव्हतं. कॉक फिरला तर काम वाचत होतं आणि मामा आतून मोडत होते.

गायकवाडभाऊनं पाना खाली ठेवला.

"आडलाय का?" मावशींनी विचारलं.

"न्हाई. त्याल सोडलं तर फिरंल," तो म्हणाला. "मलाच न्हाई फिरवायचा." मग मामांकडे न बघता म्हणाला, "पर मग मला दुसरीकडं बघावं लागंल, मामा. लेकीचं कालेज हाय."

"व्हय," मामा म्हणाले. "बघावंच लागंल."

साहेब पाचाच्या आधीच गेले. जाताना त्यांनी मामांचा हात बराच वेळ हातात धरला. काम पलीकडे गेलं. उरलेल्या कामात मामांनी मावशींना आणि आणखी काहींना सांभाळून घेतलं. गायकवाडभाऊला मात्र त्याच्या तोडीचा पगार द्यायला मामांकडे उरलं नाही. प्लेटिंगचा चांगला कारागीर कोणाला नको असतो? त्याला पलीकडच्या शेडमध्येच काम मिळालं. तिथं त्याला कॉक फिरवायची वेळच येणार नव्हती. तिथं कॉकच नव्हता, सरळ नळी होती. हे मामांनाही कळत होतं आणि त्यालाही.

ते शेड बसच्या वाटेवर नाही. पहिल्या दिवशी मामांनी त्याला स्वतःच्या स्कूटरवर बसवून तिथवर नेलं. फाटकाशी नव्या मालकाला बोलावलं. मला वाटलं, आता मामा नळीवरून भांडणार. मी मागून माझ्या गाडीवर गेलो होतो, भांडण सोडवायला; म्हणजे लांब उभं राहायला. मामा एवढंच म्हणाले, "उन्हाळ्यात याला धाप लागते. टाकीजवळ खिडकी आहे ना?" मालकानं आहे म्हणून सांगितलं. गायकवाडभाऊ डबा घेऊन आत गेला. मामा फाटकाशी थोडा वेळ उभे राहिले, स्कूटर वळवली, आणि माझ्या शेजारून जाताना मला पाहिलंच नाही.

घरी येऊन मी हिच्यापुढे संतापलो. म्हटलं, "काम गेलं ते गेलं, वर आपला माणूस स्वतः नेऊन त्यांच्या दारात सोडला! असला धंदा कोणी करतं का?"

ही कपड्यांच्या घड्या घालत होती. हात न थांबवता म्हणाली, "पोचवायला स्वतः गेले ना? मग आणायलाही स्वतःच जातील."