कंबर महाराष्ट्रात ठेवा

"शिकलगार, जरा इकडे या," असं म्हणून लिमयेसाहेब मला ढाब्याच्या मागे, पाण्याच्या टाकीजवळ घेऊन गेले. इकडेतिकडे पाहून त्यांनी सफारीचा शर्ट थोडा वर केला. कमरेच्या पट्ट्याला चामडी होल्स्टर होतं. होल्स्टरमध्ये रिव्हॉल्वर होतं.

"बसमध्ये बसून बसून टोचतंय. पट्टा जरा सैल करून द्या," ते म्हणाले.

मी पट्ट्याकडे पाहिलंच नाही. मी रस्त्याकडे पाहिलं. कागल मागे पडलं होतं. समोर हाकेच्या अंतरावर महाराष्ट्र संपत होता. हद्दीच्या फलकापलीकडे नाका होता आणि नाक्यावर कर्नाटकचे पोलीस एकेक गाडी थांबवून डिकी उघडायला लावत होते. आमची बस चहा घेऊन तिकडेच निघणार होती, कारण लिमयेसाहेबांच्या मुलाचं लग्न दुसऱ्या दिवशी निपाणीला होतं.

इथे थोडं माझ्याबद्दल सांगायला हवं. आमचे आजोबा तलवारींना धार लावायचे. वडिलांनी पुण्यात लष्कर भागात बंदुकांचं दुकान टाकलं, ते पुढे मी चालवलं. बंदुका विकणं, दुरुस्त करणं आणि गावाला जाणाऱ्या लोकांची हत्यारं जमा करून घेऊन सांभाळणं, हा आमचा धंदा. लिमयेसाहेब आमचं जुनं गिऱ्हाईक. सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले, सदाशिव पेठेत राहणारे, नियमांचे फार पक्के. खडकवासल्याच्या पुढे त्यांची आमराई होती आणि तिथे एकटं राहावं लागतं म्हणून त्यांनी रिव्हॉल्वरचा परवाना काढला होता. आजवर त्या रिव्हॉल्वरने एक माकडसुद्धा घाबरलेलं नाही. पण दर महिन्याला ते तेलपाणी करायला दुकानात यायचे आणि चहा पिऊन जायचे. त्या ओळखीपोटी मी वऱ्हाडात होतो.

"साहेब, हे घेऊन तुम्ही निपाणीला निघालात?" मी विचारलं.

"मग? घर बंद करून आलोय. बंद घरात हत्यार ठेवू नये. नियम आहे."

"माझ्या दुकानात का नाही ठेवलंत?"

"दुकानात? अहो, मी परवानाधारक आहे. परवाना खिशात आहे."

"तो इथपर्यंतच आहे."

आता हा मुद्दा समजावून सांगतो, कारण पुष्कळांचा घोटाळा इथेच होतो. बंदुकीचा परवाना ड्रायव्हिंग लायसन्ससारखा नसतो. पुण्यात काढलेल्या लायसन्सवर तुम्ही कन्याकुमारीपर्यंत गाडी न्या, कुणी काही म्हणणार नाही. बंदुकीच्या परवान्यावर मात्र तो कुठे चालेल ते लिहिलेलं असतं. कुणाला जिल्हा मिळतो, कुणाला राज्य. 'संपूर्ण भारत' लिहून मिळणारे त्या काळी मोजके. लिमयेसाहेबांच्या परवान्यावर 'महाराष्ट्र राज्य' होतं. शेजारच्या राज्याने तो मानावा असा काही शेजारधर्म कायद्यात नाही. प्रवासापुरती परवानगी काढता येते, पण ती आधी, अर्ज करून. ढाब्याच्या मागे उभं राहून नव्हे. विनापरवानगी पलीकडे पाऊल टाकलं की ते बेकायदा हत्यार. आणि ते कमरेला लपवलेलं म्हटल्यावर पोलिसांना आणखी काय हवं? लग्नाच्या मुहूर्तावर नवरदेवाचे वडील कोठडीत.

हे सगळं मी त्यांना सांगितलं. त्यांचा चेहरा पडला. पण कायदा मोडला म्हणून नव्हे.

"चौगुल्यांना कळता कामा नये," ते म्हणाले.

चौगुले म्हणजे त्यांचे व्याही, निपाणीचे तंबाखूचे व्यापारी. त्यांच्याकडेही रिव्हॉल्वर होतं, कर्नाटकच्या परवान्याचं. मुलामुलीने पुण्यात कॉलेजात जमवलेलं हे लग्न. साखरपुड्याला चौगुले पुण्याला यायचे होते, तेव्हा लिमयेसाहेबांनी त्यांना आपण होऊन फोन केला आणि ऐकवलं, 'आपलं ते हत्यार घरी ठेवून या. आपला परवाना आमच्याकडे चालत नाही. इथे कायदा पाळतात.' हे त्यांनी मला दुकानात मोठ्या कौतुकाने सांगितलं होतं.

"अहो, मग तोच नियम उलट दिशेला लागू होतो हे नाही लक्षात आलं?" मी म्हणालो.

लिमयेसाहेब खालच्या आवाजात म्हणाले, "शिकलगार, परवाना पुण्याचा आहे हो."

कर्नाटकचा कागद पुण्यात चालत नाही हे त्यांना पटत होतं. पुण्याचा कागद कुठेतरी चालणार नाही ही कल्पनाच त्यांना शिवली नव्हती.

आधी मी त्यांना गोळ्या काढायला लावल्या. त्या त्यांनी रुमालात बांधून खिशात घातल्या. मग उपाय शोधायला लागलो. "माझ्याकडे द्या," असं मला म्हणता येत नव्हतं. मी हत्यार ठेवून घेऊ शकतो ते दुकानात, बसमध्ये नाही. दुसऱ्या कुणाच्या हातात देणं हा आणखी एक गुन्हा. "कागलच्या पोलीस ठाण्यात रीतसर जमा करू," मी म्हणालो. तर म्हणाले, "लग्नाच्या आदल्या दिवशी वरपिता पोलीस ठाण्यात? त्यापेक्षा मी इथेच बसतो." मग मी ढाब्यावरच्या एसटीडी बूथवरून कोल्हापूरच्या आमच्या एका व्यवसायबंधूला फोन लावला. त्याचं दुकान त्या दिवशी बंद होतं. तो शेतावर गेला होता. घरच्यांनी सांगितलं की संध्याकाळी आला की दुकान उघडून जमा करून घेईल, पण त्याआधी नाही.

म्हणजे संध्याकाळपर्यंत लिमयेसाहेबांना हद्द ओलांडता येत नव्हती. आणि निपाणीला कार्यालयात दुपारी सीमांतपूजन होतं. मुलीच्या आईवडिलांनी नवरदेवाचे पाय धुवायचे, ओवाळायचं आणि मग दोन्ही वडिलांनी एकमेकांना मिठी मारायची. ही व्याहीभेट. तिथे वरपिता गैरहजर म्हणजे लग्नाआधीच नात्यात मिठाचा खडा.

एवढ्यात लिमयेबाई आम्हाला शोधत आल्या. त्यांनी नवऱ्याच्या तोंडाकडे पाहिलं, मग कमरेकडे. सगळं कळलं त्यांना.

"बरोबर आणलंत ना ते? मी निघताना विचारलं होतं, शर्ट असा फुगलाय का. म्हणालात, वारा भरलाय."

"तू आता आरडाओरडा करू नकोस."

"मी कशाला करू? बँड करेलच." मग त्या माझ्याकडे वळल्या. "काय हो शिकलगार, पूर्वी सीमांतपूजन कुठे करायचे?"

"गावाच्या वेशीवर," मी म्हणालो. "वऱ्हाड गावात शिरायच्या आधी."

"मग त्यांना सांगा, लिमये पद्धतीप्रमाणे करणारे आहेत. पूजन वेशीवर होईल. वेस ही समोर आहे."

मी पुन्हा बूथवर गेलो. चौगुल्यांना फोन लावला आणि हे सगळं, अर्थात रिव्हॉल्वर वगळून, शक्य तितक्या गंभीर आवाजात सांगितलं.

"मंडप सोडून रस्त्यावर?" चौगुले म्हणाले.

"लिमयेसाहेब पद्धतीचे फार पक्के आहेत."

"ते ठाऊक हाय मला. येतो."

आणि आले की! जीपगाड्या भरून माणसं, भटजी, चांदीचं ताट, पाण्याचा तांब्या आणि एक बँड. फलकाजवळ सगळे उतरले. मी लिमयेसाहेबांना फलकाच्या अलीकडे उभं केलं होतं आणि सांगितलं होतं, काहीही झालं तरी पुढे यायचं नाही. चौगुले आता पुढे येतील आणि सगळं अलीकडेच उरकेल, असा माझा हिशेब.

चौगुले फलकापर्यंत आले आणि थांबले. धिप्पाड माणूस, लांब काळा कोट. कोटाचं एक टोक कमरेपाशी उचललेलं दिसत होतं. माझ्या धंद्यातल्या माणसाला ते लगेच दिसतं. म्हटलं, आता झाली पंचाईत. यांच्याकडेही आहे आणि यांना अलीकडे येता येत नाही.

"या, पुढे या," चौगुले तिकडून म्हणाले.

"आपणच या," लिमयेसाहेब इकडून म्हणाले.

"पावणं तुम्ही. तुम्ही आलं पायजे."

"पूजन आपण करायचं. आपण यायला हवं."

बँडवाले वाजवायचे थांबले. नवरदेव बिचारा हार घालून मध्ये उभा. त्याला आम्ही पलीकडे ढकलला. त्याच्याकडे काही नव्हतं. पाय धुऊन झाले, ओवाळून झालं. राहिली व्याहीभेट. तेवढ्यात गर्दी पाहून नाक्यावरचा एक हवालदार काठी आपटत आला. लिमयेसाहेबांचा रंग उडाला.

"काय चाललंय हे?" हवालदाराने विचारलं.

"सीमांतपूजन," लिमयेबाई म्हणाल्या आणि त्याच्या हातावर पेढा ठेवला.

"इथं? आणि ते साहेब पुढं का येत नाहीत?"

माझ्या तोंडून निघून गेलं, "पुण्याचे आहेत."

"असं होय," हवालदार म्हणाला. त्याचं तेवढ्यावर समाधान झालं. त्याने पेढा खाल्ला आणि बघत उभा राहिला.

आता मागे फिरण्याची सोय नव्हती. मी लिमयेसाहेबांच्या कानाशी लागलो. "साहेब, फलकाच्या रेषेला पाय लावून उभे राहा. वरून वाका आणि मिठी मारा. छाती पलीकडे गेली तरी चालेल. कंबर महाराष्ट्रात ठेवा."

मिठी मारताना कंबर मागे ठेवून पाहा कधी. साठी उलटलेल्या माणसाला ते जमत नाही. लिमयेसाहेब काटकोनात वाकले, हात पसरले आणि हवेत चाचपडायला लागले. चौगुल्यांना वाटलं, पाया पडतायत. ते "अरारा, हे काय, हे काय" करत पुढे झाले, त्यांनी लिमयेसाहेबांना सरळ उभं केलं आणि छातीशी घट्ट आवळलं. आवळता आवळता त्यांचा हात कमरेशी थांबला. भटजी मंत्र म्हणत होते, हवालदार बघत होता.

"घोडा हाय व्हय?" चौगुल्यांनी हळूच विचारलं.

लिमयेसाहेबांनी मान डोलावली. त्यांचे डोळे मिटलेले होते.

चौगुले हसतील, ओरडतील, हवालदाराला हाक मारतील, काहीही करतील असं मला वाटलं. आणि खरं सांगायचं तर त्यांचा तो हक्क होता. त्यांनी फक्त कोटाची बाजू वर करून दाखवली. आत होल्स्टर होतं. रिकामं.

"हद्दीजवळ जायचं म्हटल्यावर घरी ठेवून आलो. तुम्ही त्या दिवशी कायदा शिकवलासा, मी शिकलो," ते म्हणाले.

"मग पुढे का येत नव्हतात?" लिमयेसाहेबांनी विचारलं.

"तुम्ही बोलावताय किती वेळा, ते बघत होतो."

मग चौगुल्यांनी मोठ्याने बँडला वाजवायला सांगितलं, हवालदाराच्या खांद्यावर हात टाकून त्याला ताटातला आणखी एक पेढा भरवत नाक्याकडे घेऊन गेले, वऱ्हाडाची बस निपाणीला धाडली आणि परत येऊन फलकाच्या अलीकडे आले. "चला, बसा जीपमध्ये," ते म्हणाले. "कोल्हापूरला जाऊन ठेवून येऊ. मी येतो की बरोबर."

अर्ध्या वाटेवर लिमयेसाहेब खिडकीतून बाहेर बघत म्हणाले, "चौगुले, मी त्या दिवशी फोनवर जरा जास्तच बोललो."

"जरा?" चौगुले म्हणाले.

मला मात्र बरं वाटलं. पुण्याच्या माणसाच्या तोंडून 'जास्त बोललो' हे मी दुकानात बसून कधी ऐकलं नव्हतं.

व्यवसायबंधूने दुकान उघडलं, रिव्हॉल्वर जमा करून घेतलं, पावती दिली. आम्ही रात्रीच्या जेवणाच्या पंगतीला निपाणीत होतो. दुसऱ्या दिवशी लग्न वेळेवर लागलं. मंगलाष्टकांना दोघं व्याही शेजारी उभे होते आणि दोघांचेही शर्ट सपाट होते.

पुण्याला आल्यावर लिमयेसाहेबांनी 'संपूर्ण भारत' मिळावं म्हणून अर्ज केला. कारणाच्या जागी लिहिलं: 'व्याही परराज्यात राहतात.' चौकशीला बोलावलं तेव्हा मीही बरोबर गेलो. अधिकाऱ्याने अर्ज वाचला आणि विचारलं, "व्याह्यांपासून जिवाला धोका आहे का?"

"छे हो," लिमयेसाहेब म्हणाले. "फार सज्जन माणूस आहे."

अर्ज नामंजूर झाला.

तेव्हापासून नवं हत्यार विकताना मी परवान्यावरच्या क्षेत्रावर बोट ठेवतो आणि गिऱ्हाइकाला ते मोठ्याने वाचायला लावतो. काही जण वाचतात. काही जण 'हो हो, माहीत आहे' म्हणतात. त्यांना मी विचारून घेतो, घरात लग्नाचं कुणी आहे का.